पत्ते हरवले नाहीत, झोपलेत!

म्हैसूरचं सरस्वतीपुरम. एका अंगाला कुक्करहळ्ळीचा तलाव, पलीकडे विद्यापीठाचा मानसगंगोत्री परिसर आणि मध्ये झाडीत दडलेली जुनी घरं. दुपारी दोन वाजले की इथला रस्ता डुलकी घेतो. अशा रस्त्यावरचं एक मराठी घर डोळ्यांसमोर आणा. आजोबांची नोकरी सरकारी. बदल्या होत होत म्हैसूरला आले आणि निवृत्तीनंतर इथेच राहिले. मुलगा पुण्यात, मुलगी त्याहूनही लांब. मुलाने दिलेल्या कॉम्प्युटरवर दुपारच्या जेवणानंतर आजी-आजोबा पत्ते खेळायला बसत. खेळ एकच, फ्रीसेल. रोज तीन डाव, चौथा नाही.

या खेळात प्रत्येक डावाला नंबर असतो. आजोबांचा स्वभाव हिशेबी. त्यांनी दोनशे पानी वही घातली. डाव नंबर एकपासून सुरुवात. सुटला की बरोबरची खूण, नाही सुटला तर उद्या पुन्हा तोच डाव. रोज तीन म्हणजे वर्षाकाठी हजारेक डाव. अकरा वर्षांत वह्या वाढल्या, आकडा बारा हजारांच्या जवळ आला. शेवटच्या तीन वर्षांच्या खुणा एकट्या आजींच्या हातच्या आहेत. कारण विचारायला नको.

आणि मग गाडी अडली. डाव नंबर ११९८२. एक दुपार गेली, दुसरी गेली, महिना गेला. डाव सुटेना. अशातच एका पावसाळी रात्री वीज लखलखली आणि कॉम्प्युटर कायमचा गप्प झाला.

नातू तसा तत्पर. आजीला नवीन काही शिकवत बसण्यापेक्षा तिच्या सवयीचंच मिळालेलं बरं, म्हणून त्याने एका ऑफिसने विकायला काढलेला जुना कॉम्प्युटर पाठवून दिला. त्यात विंडोज सेव्हनच होतं. निळा पडदा तोच, कोपऱ्यातलं गोल बटण तेच. आजींनी बटण दाबलं, यादी उघडली. पण खेळच नाहीत! ना फ्रीसेल, ना सॉलिटेअर, ना स्पायडर.

'अरे, पत्ते कुठे गेले?' आजींचा पुण्याला फोन.

हा प्रश्न एकट्या सरस्वतीपुरममधला नाही. जुना कॉम्प्युटर दुरुस्त होऊन आला, किंवा ऑफिसमधला कॉम्प्युटर घरी आला की अनेक घरांत तो विचारला जातो. बरेचदा त्याचं उत्तर फारच सोपं असतं. पत्ते हरवलेले नसतात, मशीनच्या पोटात झोपलेले असतात. त्यांना उठवावं लागतं, इतकंच.

मुळात हे खेळ कॉम्प्युटरमध्ये आले कसे? १९८८च्या उन्हाळ्यात वेस चेरी नावाचा एक विद्यार्थी मायक्रोसॉफ्ट कंपनीत उमेदवारी करत होता. त्याने फावल्या वेळात एकट्याने खेळायच्या पत्त्यांचा, म्हणजे सॉलिटेअरचा प्रोग्रॅम लिहिला. पत्त्यांची चित्रं काढली सुझन केअर यांनी. ॲपलच्या मॅकिन्टॉशवरची पहिली चिमुकली चित्रंही त्यांचीच. साहेब आला तर पटकन दाबायचं एक बटणसुद्धा चेरीने या खेळात ठेवलं होतं. ते दाबलं की पत्ते गायब आणि पडद्यावर कामाचा खोटा तक्ता हजर! कंपनीने ते काढायला लावलं. मे १९९०मध्ये विंडोजची तिसरी आवृत्ती बाजारात आली, तिच्याबरोबर सॉलिटेअर घरोघरी पोचला. चेरीला मात्र त्याबद्दल मानधनाचा एक छदामही मिळाला नाही.

तो काळ माऊस नवा असण्याचा होता. टंकलेखनावर हात बसलेल्यांना माऊस धरणं म्हणजे साबणाची वडी धरण्यासारखं वाटे. पत्ता पकडा, ओढत न्या, योग्य जागी सोडा. हे कसब लाखो लोक कुठल्या क्लासमध्ये नाही, सॉलिटेअर खेळता खेळता शिकले. माइनस्वीपर, म्हणजे सुरुंग शोधायचा खेळ, १९९२च्या आवृत्तीत आला. त्याने डावं-उजवं बटण शिकवलं. सुरुंगांच्या कल्पनेने ज्यांना कसंसंच होई त्यांच्यासाठी व्हिस्टा आणि सेव्हनमध्ये सुरुंगांच्या जागी फुलांची बाग लावण्याची सोयही झाली.

फ्रीसेलचा इतिहास आणखी जुना. १९७८ साली पॉल अल्फिल यांनी तो इलिनॉय विद्यापीठाच्या प्लेटो नावाच्या कॉम्प्युटरवर लिहिला. पुढे मायक्रोसॉफ्टच्या जिम हॉर्न यांनी तो विंडोजवर आणला आणि १९९५पासून तो विंडोजबरोबरच येऊ लागला. बावन्न पानं उताणी, आठ रांगा आणि पानं तात्पुरती ठेवायला चार मोकळी घरं. झाकलेलं एकही पान नाही, त्यामुळे नशिबाला दोष द्यायची सोय नाही. एक्क्यापासून राजापर्यंत चारही रंग लावून दाखवायचे. सुरुवातीला हॉर्न यांनी बत्तीस हजार डाव दिले, नंतरच्या आवृत्त्यांत ते दहा लाख झाले. गंमत अशी की एका नंबरचा डाव सगळीकडे एकच. आजोबांनी जुन्या एक्सपीवर सोडवलेला शंभरावा डाव आणि आज सेव्हनवर उघडलेला शंभरावा डाव, पानं तीच आणि त्याच जागी. म्हणून तर वहीला अर्थ होता.

मग इतके लाडके खेळ नातवाने पाठवलेल्या मशीनमध्ये का नाहीत? कारण ते मशीन ऑफिसातलं. २००९च्या ऑक्टोबरमध्ये विंडोज सेव्हन आलं तेव्हा त्याच्या वेगवेगळ्या आवृत्त्या होत्या. घरगुती आवृत्त्यांमध्ये खेळ आपोआप दिसत. 'प्रोफेशनल' आणि 'एंटरप्राइज' या ऑफिसच्या आवृत्त्यांमध्ये मात्र ते आत असूनही बंद करून ठेवलेले असत. कामाच्या वेळेत कुणी पत्ते कुटत बसू नये हा हेतू. तो अगदीच निराधार नव्हता. २००६ साली न्यूयॉर्कचे तेव्हाचे महापौर मायकेल ब्लूमबर्ग यांना एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर सॉलिटेअर दिसला आणि त्या माणसाची नोकरी गेली होती!

तेव्हा आता आजींसाठी, आणि आजींसारख्या सगळ्यांसाठी, झोपलेले पत्ते उठवायचा विधी. नातवाने तो फोनवर सांगितला, तसाच क्रमाने बघू.

'आजी, डाव्या कोपऱ्यातलं गोल बटण दाब. उजवीकडे कंट्रोल पॅनेल लिहिलंय, ते उघड.'

'उघडलं.'

'आता प्रोग्रॅम्सवर जा. तिथे एक ओळ आहे, टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ. ती दाब. पासवर्ड मागितला तर मी चिठ्ठीवर लिहून दिलाय तो घाल.'

एक छोटी खिडकी उघडते. ती भरायला जरा वेळ लागतो, घाई करू नये. मग एक यादी दिसते आणि त्या यादीत 'गेम्स' असा शब्द. त्याच्या शेजारचा चौकोन रिकामा असतो. हीच ती झोप! चौकोनात टिचकी मारायची, खूण उमटते. सगळे खेळ नको असतील तर शेजारचं अधिकचं चिन्ह दाबायचं, म्हणजे एकेका खेळाची नावं उघडतात. हवा त्यापुढे खूण, नको तो रिकामा. मग ओके दाबायचं आणि चहा टाकायला जायचं. पाच-दहा मिनिटांत काम होतं. सीडी शोधावी लागत नाही, इंटरनेटही लागत नाही. खेळ डिस्कवर असतातच. काही वेळा कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू करायला सांगतो, तेवढं ऐकायचं.

मग गोल बटण, ऑल प्रोग्रॅम्स, गेम्स. एवढं करूनही मेनूत 'गेम्स' दिसलं नाही तर गोल बटणावर माऊसचं उजवं बटण दाबून प्रॉपर्टीज, त्यात कस्टमाइज, आणि त्या यादीत गेम्सपुढे 'डिस्प्ले ॲज अ लिंक' निवडायचं.

ज्यांच्याकडे त्याहून जुनं एक्सपी आहे त्यांचा रस्ता थोडा वेगळा. कंट्रोल पॅनेलमध्ये 'ॲड ऑर रिमूव्ह प्रोग्रॅम्स', डावीकडे 'ॲड/रिमूव्ह विंडोज कंपोनंट्स', त्यात 'ॲक्सेसरीज अँड युटिलिटीज' आणि मग डिटेल्स. तिथे गेम्स सापडतात. इथे मात्र मशीन एक्सपीची मूळ सीडी मागू शकतं, म्हणून ती कपाटातून आधीच काढून ठेवावी.

आता एक कटू गोष्ट. सगळंच परत येत नाही. सेव्हनमध्ये इंटरनेटवरून अनोळखी माणसाशी खेळायचे तीन खेळ होते, चेकर्स, बॅकगॅमन आणि स्पेड्स. त्यांची नावं यादीत आजही दिसतात, पण पलीकडचा दरवाजा मायक्रोसॉफ्टने २२ जानेवारी २०२० रोजी बंद केला. एक्सपीवरचे असे खेळ त्याआधीच, ३१ जुलै २०१९ला थांबले होते. जो खेळ आपल्या मशीनच्या पोटात होता तो उरला. जो दुसऱ्याच्या दारावर अवलंबून होता तो गेला. विंडोज एट २०१२ साली आलं तेव्हा तर जुने खेळ पोटातूनही काढून टाकले गेले. नंतरच्या विंडोजवर मायक्रोसॉफ्टचाच सॉलिटेअरचा संच मिळतो, त्यात फ्रीसेलही आहे. पण त्यात मध्ये मध्ये जाहिराती येतात, आणि त्या नको असतील तर पैसे भरा!

इथेच खरा धोका आहे. नवीन कॉम्प्युटरवर जुने पत्ते हवेत म्हणून माणसं इंटरनेटवर शोधतात आणि 'जुने खेळ फुकट' अशी पाटी दिसली की डोळे मिटून ती फाइल उतरवून घेतात. मायक्रोसॉफ्टने तसे जुने खेळ नव्या विंडोजसाठी दिलेले नाहीत. कुणी तिसऱ्यानेच बांधून ठेवलेल्या त्या गाठोड्यात पत्त्यांबरोबर आणखी काय आहे, हे आपल्याला बाहेरून दिसत नाही. ज्या कॉम्प्युटरवर बँकेचं खातं आहे, पेन्शनची कागदपत्रं आहेत, तिथे असं गाठोडं उघडणं म्हणजे अनोळखी माणसाला तिजोरीच्या खोलीत झोपायला जागा देणं.

आजींच्या सेव्हनलाही एक पथ्य आहे. १४ जानेवारी २०२० रोजी मायक्रोसॉफ्टने त्याची नेहमीची देखभाल थांबवली. एक्सपीची तर ८ एप्रिल २०१४लाच थांबली. म्हणजे नवा चोर आला तर नवं कुलूप मिळणार नाही. म्हणून अशा मशीनला इंटरनेटची वायर जोडूच नये. बँक, वीजबिल, ई-मेल हे सगळं दुसऱ्या यंत्रावर. हे मशीन फक्त पत्त्यांचं. घरात जुना पत्त्यांचा कॅट वेगळ्या डब्यात असतो ना, तसं.

खेळ जपायला पट लागतो, पण त्याहून जास्त नियम लिहून ठेवणारा आणि खेळणारा लागतो. हे म्हैसूरकरांना वेगळं सांगायला नको. १८३१ साली इंग्रजांनी मुम्मडी कृष्णराज वडियार यांच्या हातून राज्यकारभार काढून घेतला. राजा नावापुरता राहिला, पण रिकामा बसला नाही. बुद्धिबळाच्या घोड्याला पटाच्या चौसष्ट घरांतून एकेकदाच फिरवायची कोडी त्याने रचली. गंजिफाचे, म्हणजे हाताने रंगवलेल्या गोल पत्त्यांचे नवे डाव काढले. 'श्रीतत्त्वनिधि' या त्याच्या प्रचंड ग्रंथाचा 'कौतुकनिधि' हा भाग खेळांसाठी आहे. त्यातल्या काही डावांना तीनशेहून जास्त पानं लागतात! इतके अवघड डाव लोकांमध्ये कधी फारसे रुजले नाहीत. पण लिहून ठेवले होते म्हणून आज निदान ते होते हे तरी कळतं. म्हैसूरचंच रामसन्स कला प्रतिष्ठान 'क्रीडा कौशल्य' नावाने जुन्या पटावरच्या खेळांची प्रदर्शनं भरवत आलं आहे. चौकाभारा, पगडे, अळगुळी मणे अशा खेळांचे पट लोक तिथून घरी नेतात. ते कपाटात न ठेवता जमिनीवर मांडले तरच त्याचा उपयोग.

गंजिफा म्हटलं की मराठी माणसाला सावंतवाडी आठवते. दशावतारी गंजिफाची पानं एकशे वीस, दहा अवतारांची दहा कुटुंबं, प्रत्येकात बारा. ती रंगवणारे हात कमी होत चालले तेव्हा शिवरामराजे भोसले आणि राणी सत्त्वशीलादेवी यांनी राजवाड्यातच कारागीर बसवून ही कला सावरली. आज तिथली पानं विकत मिळतात, लोक हौसेने नेतात आणि बहुतेक ठिकाणी चौकटीत घालून भिंतीवर लावतात. पानं वाचली, डाव मात्र विरळा झाला. चौकटीत गेलेले पत्ते दिसायला सुंदर, पण ते कुणी पिसत नाही.

कॉम्प्युटरच्या जुन्या खेळांचंही हेच आहे. २०१९ साली अमेरिकेतल्या रॉचेस्टर इथल्या स्ट्राँग संग्रहालयाने सॉलिटेअरला व्हिडिओ गेम्सच्या मानाच्या दालनात जागा दिली. मान मिळाला, चांगलंच झालं. पण खेळ खरा जिवंत राहतो तो सरस्वतीपुरममधल्या दुपारी, जेवणानंतर, कुणीतरी चष्मा पुसून खुर्ची पुढे ओढतं तेव्हा.

तर, चहा होईपर्यंत चौकोनातली खूण आपलं काम करून गेली होती. आजींनी फ्रीसेल उघडलं. हिरवा पट, आठ रांगा, चार मोकळी घरं. जिंकलेल्या-हरलेल्या डावांचा जुना हिशेब मात्र कोरा होता. तो जुन्या मशीनबरोबर गेला. मशीनने लक्षात ठेवलेलं मशीनबरोबर जातं. वहीत लिहिलेलं राहतं! आजींनी वही उघडली, एफ थ्री हे बटण दाबलं आणि नंबर घातला, ११९८२.

'आजी, थांब,' फोनवरून नातू म्हणाला. 'कुठला नंबर म्हणालीस?'

'अकरा हजार नऊशे ब्याऐंशी. महिनाभर झटतेय मी. तुझे आजोबा असते तर एका दुपारी सोडवला असता त्यांनी.'

नातू क्षणभर गप्प झाला. मग हसला. त्याने सांगितलं ते असं. १९९४-९५मध्ये डेव्ह रिंग नावाच्या गृहस्थांनी इंटरनेटवरच्या खेळाडूंना शंभर-शंभर डावांचे गठ्ठे वाटून बत्तीस हजार डाव सोडवायला घेतले. एक सोडून सगळे सुटले. उरलेला तो एक डाव म्हणजे ११९८२. पुढे कॉम्प्युटरने सगळे रस्ते तपासून पाहिले. या डावाला उत्तरच नाही. दहा लाख डावांमध्ये असे न सुटणारे फक्त आठ आहेत, आणि नंबरवारीने त्यातला पहिलाच आजींच्या वाटेत आडवा आला होता.

'म्हणजे त्यांनासुद्धा सुटला नसता?' आजींनी विचारलं.

'कुणालाच नसता, आजी.'

आजी थोडा वेळ पडद्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी पेन घेतलं. बरोबरची खूण केली नाही, चुकीचीही केली नाही. नंबराभोवती एक गोल काढला. आजोबा असते तर त्यांनीही तेच केलं असतं. मग चष्मा नीट केला, एफ थ्री दाबलं आणि पुढचा नंबर घातला.

'बरं, ठेव आता फोन,' त्या म्हणाल्या. 'अजून तीन डाव व्हायचेत.'